कडू घास

सत्तावन्न साली शिरूरच्या मिशनच्या आवारातला गिदोन सुतार विषमज्वरानं गेला. माती झाली, पाळक प्रार्थना करून गेले, शेजारच्या लिडियाबाईनं वरणभात आणून ठेवला. पण गिदोनची बायको कृपाबाई काही केल्या ताटाला हात लावीना. आधी कडू घास येऊ दे, म्हणाली.

तिच्या लेकीनं, मिशनच्या शाळेत शिकलेल्या रूथनं, हे कधी ऐकलंच नव्हतं. कृपाबाईनं सांगितलं, मयताच्या घरी चूल पेटत नाही. मग सोयऱ्यांनी भाकरी आन् बिनफोडणीचं पिठलं आणायचं, समोर बसून खाऊ घालायचं, तो कडू घास. रूथ म्हणाली, पिठलं कुठं कडू असतं? पिठलं नव्हं गं, कृपाबाई म्हणाली, तोंड कडू झालेलं असतं. जुनी माणसं म्हणायची, पूर्वी मातीवरनं आलं की कडूलिंबाचा पाला चावायचा आन् मगच जेवायचं, त्यावरनं हे नाव पडलं. खरंखोटं देव जाणे. पण बाईला हा घास माहेरानं द्यायचा, एवढं पक्कं.

आणि गोम तिथंच होती. कृपाबाई म्हणजे माहेरची धुरपदा. तिनं नवऱ्याबरोबर बाप्तिस्मा घेतला तेव्हा दौंडाकडच्या तिच्या थोरल्या भावानं, हौशीरामानं, धुरपदा आम्हाला मेली म्हणून सांगून टाकलं. नुसतं बोलून थांबला नाही गडी! जित्या बहिणीच्या नावानं अंघोळ केली आणि भावकीनं आणलेला कडू घास चारचौघांत तोंडात घातला. काय म्हणावं असल्या माणसाला? त्यानंतर ना साडीचोळी, ना भाऊबीज. तरी हिनं एसटीवाल्याबरोबर त्याला निरोप धाडलाच, आणि उपाशीपोटी दाराशी बसून राहिली. वेडी माया, दुसरं काय.

दुसऱ्या दिवशी दुपारी हौशीराम आला. हातात फडक्यानं झाकलेली पाटी. उंबऱ्याबाहेरच टेकला.

कृपाबाई म्हणाली, "दादा, माझा कडू घास तू कवाच खाल्लास. मेलेलीला आता जेवाण कशाला आणलंस?"

हौशीरामाची मान वर होईना.

"तोंडात घातला हुता," तो म्हणाला. "पर गिळवंना. गोठ्यात जाऊन थुकलो, धुरपे. भावकीला आजवर सांगितलं न्हाई."

मग हौशीराम उठला, उंबरा ओलांडून आत आला, तिच्यापुढं मांडी घालून बसला आणि भाकरी मोडून आपल्या हातानं तिला घास भरवला. तिनं तो गिळला, आणि गिदोन गेल्यापासून पहिल्यांदा गळा काढून रडली.