पान्याचे ओरखडे

जयपुरातला आमचा प्लंबर तांब्याचा पाइप झाळून झाला की थांबतो. प्लास्टिकचा पाइप जोडण्याआधी तांब्याला पालथा हात लावून म्हणतो, "बुखार उतरने दो, बाबूजी."

गिझरचा प्लास्टिकचा जोड त्यानं मुद्दाम हातानंच आवळला होता. तो गेल्यावर मी पान्यानं आणखी पिळला. सकाळी न्हाणीघरात पाणी साचलं. बायकोला मी म्हणालो, "त्याचंच काम कच्चं."

तो आला. तडकलेल्या जोडावर पान्याचे ओरखडे होते. त्यानं ते पाहिले, मग माझ्याकडे पाहिलं.

"भैया, आपसे ये उम्मीद नहीं थी," बायको म्हणाली.

"मेरी गलती है, भाभीजी," म्हणत त्यानं जोड खिशात टाकला.

आता बायको कॉलनीत त्याचं नाव कुणाला सुचवत नाही. रस्त्यात तोच मला आधी रामराम करतो. तिला खरं सांगायचं माझं अजून राहिलंय.