चढाच्या अलीकडे

भाचीची, केतकीची शर्यत बघायला मी भोरजवळच्या एका माळावर गेले होते. ताई त्या दिवशी आईपाशी थांबली, म्हणून मला जाता आलं.

सायक्लोक्रॉस म्हणतात या शर्यतीला. गवत, चिखल, मधेच आडव्या फळ्या आणि सायकल चालवताच येणार नाही असा एक निसरडा चढ. केतकीच्या पुढची मुलगी त्या चढावरही पायडल मारत राहिली. तिचं मागचं चाक जागच्या जागी फिरलं आणि ती आडवी झाली. केतकी मात्र चढाच्या अलीकडेच चालत्या सायकलवरून उतरली, सायकल खांद्यावर घेतली आणि बुटांची टोकं चिखलात रोवत वर धावली. वर पोचताच पुन्हा सीटवर.

ती तिसरी आली. खांद्यावर वळ उठला होता.

"मला वाटलं, दमलीस म्हणून उतरलीस," मी म्हटलं.

"नाही गं मावशी. दमल्यावर उतरलं की उशीर झालेला असतो. महिनाभर नुसतं उतरायचाच सराव केलाय."

दोन वर्षं आईला अंथरुणातून मी एकटीच उचलते आहे. मदतीला बाई ठेवू असं ताईने म्हटलं, की माझं उत्तर ठरलेलं, मला जमतंय. कंबर केव्हाची बोलते आहे आणि हल्ली मी आईवर चिडतेही.

घरी आल्यावर ताईला म्हटलं, "आईसाठी बाई बघू या."

ताई चहा गाळत होती. वर न बघता म्हणाली, "मी एकीला विचारून ठेवलंय. सोमवारपासून येईल."