वाघावरच्या विनोदाचा गुन्हा

नोकरीतले खून, दरोडे आता एकमेकांत मिसळून गेले आहेत. पण दोन ओळींच्या विनोदाची ती घटना काही पुसली जात नाही.

मी तेव्हा आरमोरीकडच्या एका ठाण्याचा प्रभारी होतो. सकाळची हजेरी चालू असताना एका पुढाऱ्याचे कार्यकर्ते मोबाइल नाचवत आत शिरले. गावच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर कोणीतरी लिहिलं होतं : 'वाघाचं काम एका झेपेत झालं. साहेबाले फोटोसाठी दोनदा रडवा लागलं.'

काही दिवसांपूर्वीच मोहफुलं वेचायला गेलेला एक मासेमार वाघानं मारला होता. पुढारी सांत्वनाला जाऊन आले होते. मामला फार तर बदनामीचा, म्हणजे अदखलपात्र. पण वरून फोन आले आणि समाजात तेढ पसरवल्याचा गुन्हा नोंदवावा लागला.

संदेश टाकणारा लगेच सापडला. मृताचाच धाकटा भाऊ, कंत्राटदाराकडे वनमजूर. पंचनामा करून मोबाइल जप्त केला. तो मोबाइलही मेलेल्या भावाचा, घरातला एकुलता एक.

"मीच लिवलो साहेब," तो म्हणाला.

"पुढारी आले तेव्हा कुठे होतास?"

"कागदपत्रासाठी गडचिरोलीले गेलतो."

"मग दोनदा रडवलं, हे तुला कसं कळलं?"

तो जमिनीकडे पाहू लागला. खोटं बोलायची सवय नसलेली माणसं असंच करतात.

दुपारी त्याची वहिनी ठाण्यात आली.

"त्याले काऊन धरलं? ते बोलणं माह्यं आहे. पहिला फोटो हालला म्हनून मले पुन्हा उभी केली. पदर डोळ्याले लाव म्हने. जेवताना मी तसं बोलली, तं सासू हासली. मालक गेल्यावर घरात पहिल्यांदा कोनी हासलं, साहेब. म्हनून यानं ते टाकलं."

हवालदारानं तिचा जबाब लिहून घेतला.

हे बोलणं मृताच्या बायकोचंच आहे हे कळताच पुढाऱ्याचा निरोप आला, "मिटवून टाका." पण दाखल झालेला गुन्हा तोंडी निरोपानं मिटत नाही. मजकुरात गुन्हा होत नसल्याचा अहवाल मी न्यायालयात पाठवला. तो मंजूर व्हायला धानाचा एक हंगाम उलटून गेला. तोवर कंत्राटदारानं तिच्या दिराला कामावरून काढलं होतं आणि तो मिरची तोडायला तेलंगणात निघून गेला होता.

मुद्देमाल म्हणून जप्त केलेला मोबाइल परत न्यायला ती एकटीच आली.

"बाई, आता ग्रुपवर आहात का?" मी विचारलं.

"नाई. आता घरीही पाहून बोलतो आमी."

आम्ही पोलीस शब्दांत कलम शोधतो. ते शब्द कुठल्या घरातून निघाले, हे आधी पाहायची सवय मला त्यानंतर लागली. निवृत्तीपर्यंत अशी तक्रार आली की मी आधी त्या घरी जाऊन बसायचो. कधी गुन्हा टळायचा, कधी नाही. ही केस तर कागदोपत्री नीट बंद झाली. त्या घरातलं मोकळं बोलणंही केससोबत बंद झालं, आणि ते परत करण्याचा आदेश कुठलंच न्यायालय देत नाही.