एकनाथ आग्रेचा नावासकट रोल

रमझानात ओमानचा टीव्ही ज्याने पाहिलाय, त्याने आमच्या एकनाथ आग्रेला पाहिलंच असणार. फक्त लक्षात राहिला नसणार. चहा ठेवून मुकाट निघून जाणारा भारतीय माणूस, तोच एकनाथ.

एरवी तो रुसैलच्या कारखान्यात माझ्याबरोबर इलेक्ट्रिशियन. पण रमझानच्या मालिकांचं शूटिंग लागलं की शुक्रवारच्या सुट्टीला गडी गुळगुळीत दाढी करून तयार. वीसेक वर्षांत त्याने टेलर केला, ड्रायव्हर केला, चहावाला तर कितीदा केला. खरा चहा मात्र त्याला आजतागायत जमत नाही. रूमवर मीच करतो. एका मालिकेत त्याचा खून झाला आणि पुढच्याच आठवड्यात त्याच मालिकेत तो माळी म्हणून हजर! कोणाच्या ध्यानातही आलं नाही. त्याला याचं हसू येतं, माझं डोकं फिरतं.

त्याचं दुखणं एकच. इथे अनोळखी कामगाराला सगळे 'रफीक' म्हणतात, म्हणजे दोस्त. मालिकेतही तेच. "रफीक, चहा आण!" "रफीक, गाडी काढ!" एकदा तरी आपल्या रोलला नाव मिळावं, एवढीच बिचाऱ्याची हौस.

यंदा योग आला. दिग्दर्शक नबीलने प्रसंग समजावला: मरायला टेकलेला म्हातारा मालक पोटच्या मुलांना सोडून घरच्या नोकराला हाक मारतो.

"नाम तुम बोलो," नबील म्हणाला. "यल्ला, जल्दी!"

मी सोबत गेलो होतो. त्याला कोपराने ढोसलं. "अरे, स्वतःचंच सांग की, येड्या!"

"शांताराम," एकनाथ म्हणाला.

मी कपाळावर हात मारला. परतताना विचारलं तर म्हणाला, "आबांचं नाव ते. इथल्याच बरका गावच्या मळ्यात जन्मभर राबले, तिथेच गेले. मळ्यावर सगळे रफीक म्हणायचे. घरी आम्ही आबा म्हणायचो, आणि आई कशाला नाव घेतेय? त्यांना नावाने हाक मारलेली मी कधी ऐकलीच नाही."

तो भाग लागला त्या दिवशी एकनाथने गुहागरला आईला व्हिडिओ कॉल लावला आणि फोन टीव्हीसमोर धरला. गंगुबाईंना अरबी कुठलं कळायला! लेक कधी दिसतो म्हणून त्या आपल्या बघत होत्या.

पडद्यावरच्या म्हाताऱ्याने उशीवरून मान उचलली आणि 'अरे'च्या जागी अरबी 'या' लावत हाक मारली, "या शांताराम!"

गंगुबाईंनी चटकन पदर डोक्यावर ओढला आणि दाराकडे बघितलं. एकनाथ पडद्यावर धावत आला, चार वाक्यं बोलला, रडलासुद्धा झकास. पण खोलीत ते कोणीच ऐकलं नाही. आम्ही फोनकडेच बघत होतो.

मग त्या हळू आवाजात म्हणाल्या, "आनी एकदा हाक माराया सांग रं त्यांना."