खिळ्याच्या खुणा

आमच्या दोन खोल्यांमधली भिंत इतकी पातळ, की पलीकडचं भांडण ऐकायला कान लावावा लागत नसे.

"माझ्या पोरीच्या खुणांवर रंग फासलात?" धाकटी जाऊ ओरडली.

"रोज बघून बघून तूही मरशील," माझा दीर म्हणाला. "आता कपाटच सरकवतो पुढे."

त्यांची एकुलती एक मुलगी. दर वाढदिवसाला दीर तिला भिंतीशी उभी करी आणि डोक्यावर खिळ्याने रेघ ओढी. सात रेघा झाल्या, मग तापात गेली.

त्यानंतर धाकटीला नाद लागला. शहरात कुठे इमारत पाडायची असली की यंत्राच्या आधी ही हजर. भिंतीवर पातळ कागद लावून शिशाची कांडी घासायची. एकेक चीर, खाच कागदावर उतरायची. लोक भिंतवाली म्हणत. चित्रांच्या मोठ्या दालनात तिचे कागद टांगले, तेव्हा मी म्हटलं, "बाई गं, माझी भिंत एवढी कळकट असती तर सासूबाईंनी मला माहेरी धाडलं असतं!" शेजारी एक माणूस कागदापुढे रडत होता. त्याच्या आईचं स्वयंपाकघर होतं ते.

घरची भिंत मात्र एकोणीस वर्षं कपाटामागे. शेवटी आमच्याच इमारतीला नोटीस लागली.

"कपाट सरकवा," धाकटी म्हणाली. "भिंत पडली तर पोर दुसऱ्यांदा जाईल."

दीर ऐकेना. शेवटच्या दिवशी मात्र त्यानेच कपाटाला खांदा लावला. मी कागद वरून धरला. रंगाखालून रेघा उमटत गेल्या. पाच, सहा, सात. धाकटी घासतच राहिली. आठवी आली. नववी. माझ्या कानाशी सोळावी आली आणि रेघा थांबल्या. बरोबरच आहे, त्यापुढे पोरी कुठे वाढतात?

दिराने बोट लावून रेघा पुन्हा मोजल्या. "मी सातच ओढल्या होत्या."

"मग? तुम्ही रंग लावलात म्हणून ती वाढायची थांबेल?"

इमारत पाडली. आम्ही उंच इमारतीत आलो. इथल्या भिंती जाड, काही ऐकू येत नाही, करमत नाही.

पोरीच्या पुढच्या वाढदिवसाला धाकटीने कागदाची गुंडाळी काखेत मारली. दुसऱ्या सकाळी ती उठलीच नाही, म्हणून ती खेप माझ्या लक्षात राहिली.

"जाऊन येते, ताई."

"अगं, तिथे आता नुसता खड्डा आहे."

"माहीत आहे हो."

संध्याकाळी परतली, चहाचं आधण ठेवलं, हात धुतले. पाणी शिशाने काळं झालं, नेहमीसारखं.