रांगेतला डबा

मुलीने दाखवलेल्या लघुपटात बसथांब्यावर दोन अनोळखी माणसं शेजारी बसतात, एवढंच. मला आमची पिठाची गिरणी आठवली. तिथे डबा रांगेत ठेवून माणूस भाजीला जातो आणि मागचे तो डबा पुढे सरकवत राहतात. नावं कुणालाच ठाऊक नसतात. एकदा एका आजोबांचा डबा असाच चक्कीपाशी पोचला, पण ते परतले नव्हते.

"त्यांना मंडईतून ॲम्ब्युलन्सने नेलं," नुकत्याच आलेल्या एक बाई आजोबांचा डबा ओळखून म्हणाल्या.

"मग बाजूला काढू?" गिरणीवाल्याने विचारलं.

"दळा हो! न्यायला येतील ते," मी म्हणाले.

गरम पिठावर झाकण लावत नाहीत, म्हणून डबा उघडाच ठेवला. मला दहा कामं होती, तरी पाय निघेना. पीठ गार झालं, पण झाकण लावायला कुणाचाच हात पुढे होईना.