बाईंनी सांगितलेला वेग

कसबा बावड्यात सरोजिनीबाईंना विचारल्याशिवाय माणसं बोअरसुद्धा मारत नसत. एकतीस वर्षं भूगोल शिकवलेली बाई. उत्तर तयार, तेही आकड्यात. ‘लई’, ‘बक्कळ’, ‘जरासं’ असलं कुणी बोललं की कपाळाला आठी. “जरासं म्हणजे किती? नीट बोल!”

मे महिन्यातल्या त्या सकाळी दूध घालणारी अंबूबाई दारात आली ती किटली खाली न ठेवता, फोन पुढे करूनच. तिचा मुलगा आदर्श रत्नागिरीसमोरच्या समुद्रात टगवर कामाला होता. मोठी जहाजं ओढून नेणारी दणकट बोट असते ती. पोरगा बाईंचाच विद्यार्थी.

“बाई, वादळ याला लागलंय,” आदर्श पलीकडून ओरडत होता. “ज्याला भ्या वाटतंय त्यानं दुपारी एकच्या बोटीनं किनाऱ्याला जावा म्हणत्यात. उतरू का ऱ्हाऊ?”

“तुमचा टग किती वारा सोसतो?”

“कॅप्टन म्हणत्यात, ताशी शंभरपतोर काय हूत न्हाय.”

बाईंनी टीव्हीकडे मान वळवली. खालच्या पट्टीत आकडा पळत होता, ताशी नव्वद किलोमीटर.

“हे बघ, एकोणनव्वदला तीव्र चक्रीवादळ सुरू होतं, एकशेअठराला अतितीव्र. हे आत्ता कुठं खालच्या पायरीवर आहे. ‘तीव्र’ ऐकून घाबरू नकोस. राहा.”

“बाईंनी सांगितलं म्हंजे झालं की,” म्हणत अंबूबाईनं फोन पदराला पुसला, दूध मापून घातलं आणि गेली. सगळं मिळून चार मिनिटं.

जेवण आटोपल्यावर बाईंनी सवयीनं हवामान खात्याचं पत्रक मोबाइलवर उघडलं. ‘वेग ताशी ९० ते १००, झोत ११५. रात्रीपर्यंत अतितीव्र होण्याची शक्यता.’

झोत! टीव्हीच्या पट्टीत झोत नव्हताच. जाहीर होतो तो वेग तीन मिनिटांची सरासरी असते. झोत म्हणजे मधल्या मधे वारा एकदम उसळतो तो, सरासरीच्या पुष्कळ वर; इथं तर टगच्या शंभराच्याही वर. वेग दुप्पट झाला की त्याचा जोर चौपट होतो. हे बाईंनी दर वर्षी नववीला फळ्यावर काढून शिकवलं होतं, आणि विसरणाऱ्याचा गुण कापला होता. आज चार मिनिटांत पट्टी वाचून मोकळ्या झाल्या.

त्यांनी आदर्शला फोन लावला. संपर्क क्षेत्राच्या बाहेर. पुन्हा लावला, तेच. घड्याळात दोन वाजून दहा मिनिटं झाली होती. एकची बोट केव्हाच गेलेली.

दुसऱ्या दिवशी वादळ एकशेतीसवर होतं. अंबूबाई आली तेव्हा बाई दारातच उभ्या होत्या. त्यांना आडवळणानं बोलता येत नसे.

“अंबूबाई, माझं चुकलं. मी त्याला सरासरी सांगितली. झोत पाहिलाच नाही. त्याला उतर म्हणायला हवं होतं.”

अंबूबाईनं किटलीची कडी चाळवली.

“म्हंजे आमच्या डेअरीगत. दुधाला धा दिसांचं सरासरी फॅट लावत्यात.”

“हो, तसंच.”

“आन् माझं पोरगं झोतात हाय.”

ती शिव्या देती तर बरं झालं असतं. ती दूध घालून गेली.

त्या दिवसापासून बाईंच्या हाती एकच काम उरलं. दर पत्रकातला आकडा कॅलेंडरवर लिहायचा. एकशेचाळीस. एकशेदहा. पंच्याहत्तर. टगच्या मालकांच्या ऑफिसात फोन केला की एक मुलगी गोड आवाजात म्हणे, “टगशी संपर्क नाही, शोध चालू आहे मॅडम, कळवतो.” बावड्यात मात्र पान हलत नव्हतं. ऊस नुसता उभा. चौथ्या दिवशी टीव्हीवर वादळाची पट्टी गेली आणि क्रिकेटचा स्कोअर आला.

अंबूबाई त्या सकाळी पायरीवर बसली. एरवी ती कधी बसत नसे.

“आता कितीवर आलंय बाई?”

“पंचेचाळीस. आता त्याला वादळसुद्धा म्हणत नाहीत.”

“मग फोन का लागंना?”

बाईंनी कॅलेंडरकडे पाहिलं. तिथं सगळे आकडे होते.

“मला माहीत नाही गं.”

“नक्की नगा सांगू,” अंबूबाई म्हणाली. “जरासं सांगा. जित्ता हाय का, एवढंच.”

बाईंनी चष्मा सारखा केला, आदर्शचा नंबर लावला आणि दोघींना ऐकू यावं म्हणून स्पीकर सुरू केला. “आपण संपर्क करत असलेली व्यक्ती...” रेकॉर्ड बोलू लागलं. ते संपेपर्यंत दोघी ऐकत राहिल्या. मग बाईंनी पुन्हा लावला.